सुटका १९४५ मध्ये, पुस्तक १९६५ मध्ये: बंदिवासातून परतलेल्या स्त्रियांच्या आठवणी इतक्या उशिरा का आल्या?

शब्दसोबत (धागाकर्ती)

नमस्कार. आमच्या वाचनगटाने यंदा बंदिवास, युद्ध आणि दडपशाही यांतून जिवंत परतलेल्या स्त्रियांची आत्मकथने वाचायला घेतली आहेत. मराठी वाचकाला हे लेखन नवे नाही. अफगाणिस्तानात सासरी अडकून पडलेल्या आणि तालिबानच्या तावडीतून निसटून कोलकात्याला परतलेल्या सुष्मिता बॅनर्जी यांचे ‘काबुलीवाल्याची बंगाली बायको’ हे अनुवादित पुस्तक अनेक वाचनालयांत हातोहात फिरत आले आहे. या खेपेला मात्र आम्ही जरा मागचे, विसाव्या शतकातील युरोप आणि आशियातील लेखन निवडले, आणि मी प्रत्येक पुस्तकासमोर दोन वर्षे लिहून ठेवू लागले: घटना कधी घडली आणि पुस्तक कधी छापले गेले.

ती यादी पाहून मी अस्वस्थ झाले आहे. शार्लोत देल्बो या फ्रेंच प्रतिकार चळवळीतील लेखिका ऑशवित्झ आणि राव्हेन्सब्रुक या छळछावण्यांतून १९४५ मध्ये सुटल्या. त्यांच्या छावणीच्या आठवणींचे पहिले पुस्तक १९६५ चे आहे. रूथ क्लूगर ही व्हिएन्नाची ज्यू मुलगी त्याच वर्षी नाझींच्या हातून निसटली. तिचे आत्मकथन १९९२ चे. यान रफ-ओहर्न यांना जपानी सैन्याने १९४४ मध्ये जावा बेटावर सैनिकी कुंटणखान्यात डांबले होते. त्यांचे पुस्तक १९९४ चे. येवगेनिया गिंझबुर्ग यांना १९३७ मध्ये स्तालिनच्या पोलिसांनी अटक केली. त्यांच्या आठवणींचा पहिला खंड १९६७ मध्ये छापला गेला, आणि तोही मायदेशी नव्हे तर इटलीत.

या उशिराचे कारण सहसा एका वाक्यात सांगितले जाते, की आघातच इतका मोठा होता की त्यांना बोलता आले नाही. मला हे उत्तर पुरेसे वाटत नाही. बर्लिनमधील एका निनावी स्त्रीची रोजनिशी २० एप्रिल ते २२ जून १९४५ या काळातील आहे, म्हणजे सोव्हिएत सैन्य शहरात शिरत असताना आणि घराघरांत बलात्कार होत असताना ती स्त्री लिहीत होती. लिहिणारा हात थांबला नव्हता, मग नेमके काय थांबले होते? ज्यांनी हे साहित्य बारकाईने वाचले आहे त्यांनी कृपया सविस्तर लिहावे. गटातील वाचन कोणत्या पुस्तकापासून सुरू करावे, हेही सुचवावे.

जुने ग्रंथालय

आपण बर्लिनच्या रोजनिशीचे उदाहरण घेतलेच आहे, तर तिथूनच सुरुवात करतो, कारण आपल्या प्रश्नाचे उत्तर त्या पुस्तकाच्या आतच आहे. रोजनिशीच्या शेवटच्या भागात लेखिकेचा प्रियकर आघाडीवरून परत येतो. त्या इमारतीतील स्त्रिया घडलेल्या गोष्टींविषयी आपापसांत उघडपणे बोलतात, कारण जवळजवळ प्रत्येकीवर तोच प्रसंग गुदरलेला असतो. त्या बोलण्याची त्याला किळस वाटते. ती आपल्या वह्या त्याच्यापुढे ठेवते, आणि थोड्याच दिवसांत तो निघून जातो. त्या मजकुराचा पहिला वाचक असा वागला. पुढे १९५४ मध्ये अमेरिकेत इंग्रजी भाषांतर निघाले, मूळ जर्मन पुस्तक १९५९ मध्ये जिनिव्हातील एका प्रकाशकाने काढले, आणि जर्मन वाचकांनी तिच्यावर जर्मन स्त्रियांच्या अब्रूला बट्टा लावल्याचा ठपका ठेवला. आपल्या हयातीत पुस्तकाची पुन्हा आवृत्ती निघू नये, असे तिने ठरवले. ती २००१ मध्ये वारली आणि २००३ मध्ये तेच पुस्तक जर्मनीत प्रचंड खपले. मजकूर तोच होता, बदलले होते ते वाचक. १९५९ मध्ये ते वाचणारे बरेच पुरुष स्वतः त्या युद्धातून पराभूत होऊन परतलेले होते, आणि आपल्या घरातील स्त्रियांवर काय ओढवले हे ऐकण्याची त्यांची तयारी नव्हती.

ज्यांनी वेळेवर लिहिले त्यांचे काय झाले, हेही पाहावे. मार्गारेटे बुबर-नॉयमान या जर्मन कम्युनिस्ट स्त्रीचा पती मॉस्कोत स्तालिनच्या ‘शुद्धीकरणात’, म्हणजे पक्षातील संशयितांना संपवण्याच्या मोहिमेत, मारला गेला, तिला स्वतःला कझाकस्तानातील करागांडाच्या श्रमछावणीत पाठवण्यात आले, आणि १९४० मध्ये सोव्हिएत पोलिसांनी तिला ब्रेस्ट-लितोव्हस्कच्या पुलावर गेस्टापोच्या, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांच्या, हवाली केले. पुढची पाच वर्षे ती राव्हेन्सब्रुकमध्ये होती. तिने विलंब केला नाही; युद्ध संपून चार वर्षे होण्याच्या आतच तिचे पुस्तक बाहेर आले. पण छावणीत असतानाच तेथील कम्युनिस्ट कैदी स्त्रियांनी तिला वाळीत टाकले होते, कारण सोव्हिएत छावण्यांविषयी ती जे सांगत होती ते त्यांना खोटे वाटत होते. पुढे १९४९ मध्ये पॅरिसच्या गाजलेल्या क्राव्हचेन्को खटल्यात (सोव्हिएत संघातून फुटून आलेल्या क्राव्हचेन्को यांनी, त्यांना खोटारडे ठरवणाऱ्या कम्युनिस्ट साप्ताहिकावर भरलेला खटला) तिने साक्ष दिली, तेव्हाही ज्यांना तिचे म्हणणे गैरसोयीचे होते त्यांनी तिच्याच हेतूंविषयी शंका घेतल्या. दोन्ही हुकूमशहांच्या छावण्या आतून पाहिलेल्या स्त्रीवर आपण खोटे बोलत नाही हे सिद्ध करण्याची पाळी आली. हे पाहणाऱ्या इतर स्त्रियांनी काय निष्कर्ष काढला असेल?

म्हणून माझे मत असे आहे की, उशीर लिहिण्यात क्वचितच झाला. तो ऐकण्यात झाला.

पानोपानी

वरील प्रतिसादातील माहिती मोलाची आहे, पण शेवटच्या वाक्याशी मी सहमत नाही, आणि याची कारणे मला नीट मांडायची आहेत.

पहिली गोष्ट म्हणजे, न ऐकण्याचा अनुभव केवळ स्त्रियांच्या वाट्याला आला नाही. इटालियन ज्यू लेखक प्रिमो लेव्ही यांचे ऑशवित्झवरील पुस्तक मोठ्या प्रकाशकाने नाकारले होते, १९४७ मध्ये एका लहान प्रकाशकाने त्याच्या २५०० प्रती काढल्या, आणि ते खऱ्या अर्थाने वाचले जाऊ लागले ते १९५८ च्या आवृत्तीनंतर. युद्धानंतरच्या त्या दशकात लोकांना घरे बांधायची होती, पोट भरायचे होते. छावण्यांचे वर्णन कोणाचेही असो, ते नको होते.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. देल्बो यांनी आपले पहिले पुस्तक १९४६ मध्येच लिहून पूर्ण केले होते आणि ते जाणीवपूर्वक बाजूला ठेवले. त्यांना पाहायचे होते की हा मजकूर काळापुढे टिकतो का, साहित्य म्हणून उभा राहतो का. हा एका लेखिकेचा निर्णय आहे आणि त्याला मुस्कटदाबी म्हणणे म्हणजे तिच्यापासून तो निर्णयही काढून घेणे होय. त्यांच्याबरोबर २४ जानेवारी १९४३ च्या गाडीने ऑशवित्झला गेलेल्या २३० स्त्रियांपैकी ४९ परतल्या. १९६५ मध्येच देल्बो यांनी आणखी एक पुस्तक प्रसिद्ध केले, ज्यात या प्रत्येक स्त्रीची माहिती आहे: कुठे जन्मली, काय काम करीत होती, कशी पकडली गेली, आणि मेली असल्यास कशी मेली हे जेवढे कळले तेवढे. त्यांत शिवणकाम करणाऱ्या होत्या, शेतकरी होत्या, दाताची डॉक्टर होती, विद्यार्थिनी होत्या. ही माहिती हयात मैत्रिणींना आणि मृतांच्या नातेवाइकांना गाठून जमवावी लागली, आणि असे काम घाईने होत नाही.

क्लूगर यांचेही तसेच आहे. बारा वर्षांची ही मुलगी ऑशवित्झमध्ये कामासाठी होणाऱ्या निवडीच्या रांगेत उभी असताना तेथे लेखनिकाचे काम करणाऱ्या एका कैदी तरुणीने तिला वय पंधरा सांगायला लावले, आणि तेवढ्यावर ती वाचली. मोठेपणी त्या अमेरिकेत जर्मन साहित्याच्या प्राध्यापक झाल्या. पुस्तक जर्मन भाषेत १९९२ मध्ये आले. त्यात आईबरोबरच्या कडवट नात्याविषयी इतके स्पष्ट लिहिले आहे की आई जिवंत असेपर्यंत इंग्रजी आवृत्ती काढायची नाही असे त्यांनी ठरवले, आणि ती २००१ मध्ये काढली. आई आणि मुलगी दोघीही त्याच छावणीतून वाचल्या म्हणून त्यांच्यातील ताण नाहीसा झाला नाही, हे लिहिण्याचे धैर्य मला छावणीच्या वर्णनाइतकेच मोठे वाटते. अशा पुस्तकाला लागलेली वर्षे ही त्याच्या घडणीचाच भाग आहेत.

पलीकडचा किनारा

मी ॲडलेडमध्ये राहते. यान रफ-ओहर्न याच शहरात राहत होत्या आणि २०१९ मध्ये येथेच वारल्या, म्हणून त्यांच्याविषयी लिहावेसे वाटले. आधीच्या दोन्ही प्रतिसादांत न आलेली एक बाजू त्यांच्या कथेत आहे.

जपानने १९४२ मध्ये डच ईस्ट इंडीज, म्हणजे आजचा इंडोनेशिया, जिंकून घेतल्यावर तेथील डच कुटुंबांना छावण्यांत ठेवण्यात आले. फेब्रुवारी १९४४ मध्ये अंबारावाच्या छावणीत जपानी अधिकारी आले, तरुण मुलींना रांगेत उभे केले आणि काहींना निवडून सेमारंगला एका घरात नेले. यान तेव्हा २१ वर्षांच्या होत्या आणि त्यांना नन व्हायचे होते. त्यांच्यावर तेथे जे झाले ते त्यांनी आपल्या आईला आणि लग्नाआधी एका ब्रिटिश सैनिकाला, म्हणजे भावी पतीला, सांगितले. त्यानंतर घरात तो विषय निघाला नाही. पहिल्याच दिवशी त्या घरातील मुलींनी एका पांढऱ्या रुमालावर आपापली नावे लिहिली आणि यान यांनी ती नंतर भरतकामात भरून घेतली. तो रुमाल त्यांनी आयुष्यभर जपला, पण आपल्या मुलींना त्याचा अर्थ कित्येक दशके सांगितला नाही.

१४ ऑगस्ट १९९१ रोजी सोलमध्ये, जपानी सैन्याने अशाच कुंटणखान्यात डांबलेल्या किम हाक-सून या कोरियन आजींनी स्वतःच्या नावानिशी, चेहरा न झाकता साक्ष दिली. त्यांच्या मागोमाग इतर कोरियन स्त्रिया पुढे आल्या. यान यांनी त्यांना दूरचित्रवाणीवर पाहिले आणि ठरवले की एक युरोपीय स्त्री त्यांच्या बाजूने उभी राहिली तर जग कदाचित अधिक लक्ष देईल. डिसेंबर १९९२ मध्ये त्या टोकियोला गेल्या आणि जाहीरपणे बोलल्या. तत्पूर्वी त्यांना आपल्या मुलींना सांगावे लागले. त्याच वर्षी फिलिपिन्समध्ये रेडिओवरील आवाहन ऐकून मारिया रोसा हेन्सन पुढे आल्या आणि १९९६ मध्ये त्यांचे आत्मकथन छापले गेले. दुसऱ्याच वर्षी त्या वारल्या. थोडा आणखी उशीर झाला असता, तर ते पुस्तक झालेच नसते.

म्हणजे येथे ऐकणारे आधी तयार झाले आणि मग स्त्रिया बोलल्या, असे घडले नाही. आधी एक स्त्री बोलली, तिचे बोलणे दुसऱ्या देशातील दुसऱ्या स्त्रीने ऐकले, आणि मग ती बोलली. जगाने ऐकायला सुरुवात केली ती त्यानंतर. जपानमधील सत्ताधारी वर्गातील काहीजण तर अजूनही या साक्षींवर शंका घेतात.

पानोपानी

आपला प्रतिसाद वाचून गिंझबुर्ग यांच्या पुस्तकातील एक प्रसंग येथे सांगायलाच हवा. काझानच्या तुरुंगात त्यांच्या शेजारच्या कोठडीतून भिंतीवर टकटक ऐकू येत होती, पण तिचा उलगडा होत नव्हता. तेव्हा त्यांना व्हेरा फिग्नर यांच्या आठवणी स्मरल्या. फिग्नर या झारच्या काळातील क्रांतिकारक. त्यांनी श्लिसेलबुर्गच्या किल्ल्यात वीस वर्षे काढली आणि कैदी भिंतीवर ठोके देऊन अक्षरे कशी कळवत हे आपल्या पुस्तकात लिहून ठेवले. तरुणपणी वाचलेल्या त्या पुस्तकातील ती अक्षरपद्धती गिंझबुर्ग यांनी आठवून काढली आणि शेजारच्या कैद्याशी बोलू लागल्या. एका बंदिवान स्त्रीचे आत्मकथन दुसरीला प्रत्यक्ष कोठडीत उपयोगी पडल्याचे इतके थेट उदाहरण माझ्या वाचनात दुसरे नाही.

त्यांच्या बाबतीत उशिराचे कारण मात्र सरळ राजकीय आहे. कोठडीत रचलेल्या कविता त्यांनी कागदाशिवाय पाठ करून ठेवल्या होत्या. ईशान्य सायबेरियातील कोलिमाच्या श्रमछावण्यांकडे नेणाऱ्या गाडीत त्या पुश्किनचे काव्य इतके सलग म्हणत असत की पहारेकऱ्यांना डब्यात चोरून पुस्तक आणल्याचा संशय आला आणि पाठांतराची परीक्षा घेतली गेली. निर्दोष ठरवल्या गेल्यावर त्यांनी लिहिले, मासिकांकडे पाठवले, ते नाकारले गेले, आणि टंकलिखित प्रती हातोहात फिरत देशाबाहेर पोचल्या. १९७७ मध्ये त्या वारल्या; रशियात पुस्तक उघडपणे छापले गेले ते गोर्बाचेव्ह यांच्या काळात.

खडकवाट

आपण सर्वजण परदेशांविषयी लिहीत आहात आणि ते योग्यच आहे. पण छापण्यातील उशिराचा प्रश्न निघालाच आहे, तर फलटणच्या बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ या यादीत असायला हवे. दुकानात माल बांधायला येणाऱ्या कागदांवर त्या लिहीत आणि घरच्यांना कळू नये म्हणून ते कागद लपवून ठेवत. पतीपासून ही गोष्ट त्यांनी सुमारे वीस वर्षे दडवली. पुढे फलटणमध्ये राहून काम करणाऱ्या मॅक्सीन बर्नसन यांच्यामुळे ते लेखन ‘स्त्री’ मासिकापर्यंत पोचले आणि १९८६ मध्ये पुस्तक झाले.

बंदिवास हा शब्द या पुस्तकाला लागू होतो का, अशी शंका कोणाला आली तर त्यांनी त्यातील महारवाड्यातल्या सुनांची हकिकत वाचावी. सासरचा छळ असह्य होऊन पळून जाणाऱ्या कोवळ्या मुलींना पकडून आणून त्यांच्या पायात लाकडी खोडा अडकवत. चालताना तो पायात घासत असे, रक्त येत असे, आणि ती मुलगी त्याच पायाने घरची सगळी कामे करीत असे. गावाने ज्यांना गुलाम केले होते, त्यांनीच आपल्या घरात सुनेला गुलाम केले, हे बेबीताईंनी कोणताही आडपडदा न ठेवता लिहिले आहे. बर्लिनच्या लेखिकेवर जो आरोप झाला, त्याच प्रकारच्या आरोपाची भीती आपल्याकडच्या लेखिकेलाही होती: घरचे उघड्यावर आणलेस.

जुने ग्रंथालय

खडकवाट यांचा प्रतिसाद वाचून मला माझे पहिले विधान दुरुस्त करण्यापेक्षा वाढवावेसे वाटते. ऐकण्यासाठी मध्ये कोणीतरी असावे लागते, आणि ते सर्वांना मिळत नाही. फाळणीचे उदाहरण घ्यावे. पळवून नेलेल्या स्त्रियांना परत आणण्यासाठी भारत सरकारने १९४९ मध्ये कायदा केला, मृदुला साराभाईंच्या पुढाकाराने ती मोहीम चालली आणि दोन्ही देशांत मिळून सुमारे ३० हजार स्त्रिया परत आणल्या गेल्या. परत यायचे की नाही हे ठरवण्याचा अधिकार मात्र कायद्याने त्या स्त्रीला दिला नव्हता. या हजारो स्त्रियांपैकी स्वतःच्या नावाने आत्मकथन लिहिणारी शोधून सापडत नाही. जे सापडते ते त्यांच्यासोबत काम केलेल्या कार्यकर्त्यांचे आहे: गुजरातीत कमळाबेन पटेल, उर्दूत अनीस किडवाई. किडवाई यांचे पती १९४७ च्या दंगलीत मारले गेले आणि त्या गांधीजींच्या सांगण्यावरून दिल्लीच्या निर्वासित छावण्यांत कामाला लागल्या. त्यांचे पुस्तकही १९७४ मध्ये आले. त्या स्त्रियांना नवे घर, नवे नाते, कधी नवा धर्म मिळालेला होता, आणि बोलणे म्हणजे ते घर मोडणे होते.

उंबरठा

एक छोटी भर. आयसिसच्या बंदिवासातून सुटलेल्या, इराकमधील यझिदी या अल्पसंख्य धर्मसमाजाच्या नादिया मुराद यांच्या बाबतीत हा उशीर दिसत नाही. त्यांच्या कोचो गावात आयसिसने १५ ऑगस्ट २०१४ रोजी कत्तल केली, त्या वर्षाच्या अखेरीस नादिया मोसुलमधून निसटल्या, डिसेंबर २०१५ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेपुढे बोलल्या आणि २०१७ मध्ये त्यांचे पुस्तक आले. यामागे त्यांचे धैर्य आहेच, पण यझिदींचे सर्वोच्च धर्मगुरू बाबा शेख यांनी परतलेल्या स्त्रियांना समाजाने सन्मानाने घरात घ्यावे असे जाहीर केले आणि लालिशच्या देवस्थानात त्यांना पवित्र पाण्याने पुन्हा समाजात घेण्याचा विधी सुरू झाला, हेही आहे. जुन्या रूढीनुसार अशा स्त्रीला समाजाचे दार बंद झाले असते. मात्र बंदिवासात झालेल्या मुलांना हे दार उघडले नाही, आणि अनेक आयांना मूल आणि घर यांपैकी एक निवडावे लागले. त्या आयांची पुस्तके अजून आलेली नाहीत.

शब्दसोबत (धागाकर्ती)

सर्वांचे मनापासून आभार. उंबरठा यांचे शेवटचे वाक्य वाचून मी माझ्या वहीत आणखी एक रकाना आखला आहे, ज्यांचे पुस्तक झालेच नाही त्यांच्यासाठी. फाळणीतील स्त्रिया त्यात पहिल्या. वाचनाचा क्रम काय ठेवावा, हे कोणी सुचवेल का?

जुने ग्रंथालय

माझी सूचना अशी आहे की गिंझबुर्ग यांच्या पहिल्या खंडापासून सुरुवात करावी, कारण त्यात कथानक आहे, माणसे आहेत, आणि वाचक गुंततो. त्यानंतर लगेच ‘जिणं आमुचं’ घ्यावे. देल्बो मागाहून, त्यांची वाक्ये तुटक आहेत, मध्येच कविता येते, आणि घाईने वाचणाऱ्याच्या हाती काही लागत नाही. त्यांच्या पुस्तकात ‘मी’पेक्षा ‘आम्ही’ अधिक आहे, तसेच ते बेबीताईंच्याही पुस्तकात आहे. गटात दोन्ही शेजारी ठेवून वाचण्यासारखे आहे. बर्लिनची रोजनिशी शेवटी ठेवावी. तिच्यातील काही प्रकरणे गटातील एखाद्या सदस्येला वाचणे शक्य होणार नाही, आणि कारण न विचारता ती सोडून देण्याची मोकळीक सर्वांना आधीच द्यावी.